राहुकाळातलं जहाज

पडदा वर जातो तेव्हा समोर बिदरजवळच्या नौबादमधलं एक बैठं घर आहे. डाव्या अंगाला परसदार, त्यात तुळस, आणि शेजारच्या घराला लागून छातीएवढी भिंत. उजव्या अंगाला एक खोली. खोलीत पलंग, पलंगावर वाळलेल्या धुण्याचा डोंगर, भिंतीवर जगाचा जुना शाळकरी नकाशा आणि नकाशाखाली कॉम्प्युटर. रविवार, दुपारचे पावणेचार. पुढच्या सोप्यात खुडबूड करणारे गृहस्थ म्हणजे रामाचार्य, कोषागार कचेरीतून निवृत्त झालेले. आणि रंगमंचाच्या बरोबर मध्यभागी, खुर्चीवर उशी टाकून, इरकली साडीचा पदर खोचून, अंबाड्यामागं हेडफोन अडकवून ज्या बसल्या आहेत त्या जयंतीबाई. वय वर्षं चौसष्ट. नाटक त्यांचं आहे.

"आई, आलीस का?" हेडफोनमधून आवाज येतो. मुलगा श्रीवत्स, मुक्काम जर्मनी.

"केव्हाची बसले रे. तूच उशीर करायलास."

"अजून चार वाजायचेत की."

"माझे वाजलेत," जयंतीबाई म्हणतात आणि जहाज सुरू करतात.

जहाज म्हणजे पाण्यातलं नव्हे, अंतराळातलं. इंटरनेटवरचा एक खेळ होता. त्यात जगभरातली हजारो माणसं आपापली जहाजं घेऊन या ताऱ्यावरून त्या ताऱ्यावर माल पोचवायची. माल पोचला की खेळातली नाणी मिळायची, नाणी साठली की मोठं जहाज घेता यायचं. श्रीवत्सनं नोकरीसाठी परदेशी जाताना आईला हा खेळ शिकवला, तो केवळ तिचं मन रमावं म्हणून. पंधरवड्यात कंटाळेल असा त्याचा अंदाज होता. पण एकतीस वर्षं भूगोल शिकवलेली बाई ती. बिदरच्या शाळेत त्यांचा वर्ग चालायचा तो हवाईदलाच्या शिकाऊ विमानांच्या घरघराटाखाली. विमान डोक्यावर आलं की जयंतीबाई खडू वर धरून वाक्याच्या मध्येच थांबायच्या, विमान गेलं की त्याच शब्दापासून पुढं. नॉर्वेचा किनारा त्या फळ्यावर हात न उचलता काढायच्या. स्वतः मात्र समुद्र पाहिला होता एकदाच, उडुपीच्या यात्रेत, आणि तोही बस सुटायची म्हणून दहा मिनिटं. आळंदच्या बाजूचं माहेर, बिदरचं सासर, दोन वर्षांतून एकदा राघवेंद्रस्वामींचं मंत्रालय. एवढाच त्यांनी पायाखाली घातलेला मुलूख. अशा बाईला कुणी तीन हजार ताऱ्यांचा नकाशा हातात दिला तर ती पंधरवड्यात कशी कंटाळेल? त्यांनी दोनशे पानी वही घातली आणि तारे पाठ केले.

त्यांचं जहाज छोटं होतं, दोन जागांचं. नाव 'चिमणी'. पुढं आई, मागं मुलगा. आणि या खेळाचा एक नियम असा की एका जहाजात बसलेल्यांचं बोलणं त्या जहाजापुरतंच राही, बाहेरच्या कुणाला ऐकू जात नसे. फोनवर श्रीवत्स तीनच वाक्यं बोलायचा. ठीक आहे, जेवलो, ठेवू का? पण चिमणीत बसला, दोघांचे डोळे समोरच्या काळोखात गुंतले, की त्याचं तोंड सुटायचं. साहेबानं काय टाकून बोललं, शेजारची म्हातारी कशी जिन्यात भेटते, एकटं जेवायला कसं जड जातं. आईकडं बघून जे बोलता येत नाही ते आईच्या शेजारी बसून बोलता येतं, एवढंच. जयंतीबाईंच्या आठवड्याचे बाकीचे सहा दिवस त्या दोन तासांच्या आजूबाजूनं उभे असायचे.

आता दुसऱ्या पात्राचा प्रवेश. भिंतीपलीकडून.

निलम्मा. जयंतीबाईंहून बारा-चौदा वर्षांनी लहान, अंगानं भक्कम, आवाजानं त्याहून. नवरा चनमल्लप्पा, त्यांचं रस्त्यावर पाइप आणि मोटारपंपाचं दुकान. घरात बसवण्णांची तसबीर, गळ्यात लिंग, तोंडात अर्धं कानडी अर्धं मराठी. एकदा साखर मागायला आली आणि कॉम्प्युटरचा पडदा बघून तिथंच उभी राहिली. "अक्का, हे काय चालवायलाव?" झालं. जयंतीबाईंमधल्या मास्तरणीला विद्यार्थीण मिळाली. त्यांनीच तिला खेळ शिकवला, पहिलं जहाज घेऊन दिलं, रस्ते दाखवले. दुकानात एक जुना कॉम्प्युटर होता, तो तिनं घरी आणला. रविवारी आपल्या ओबडधोबड जहाजातून ती चिमणीच्या मागंमागं यायची, ठेचकाळायची, आणि भिंतीवरून ओरडून विचारायची, "अक्का, डावीकडं का उजवीकडं?"

इथपर्यंत सगळं गोडीगुलाबीचं होतं.

मग त्या मोठ्या जहाजाची बातमी आली. सहा जणांचं जहाज. खेळातल्या मापानं बघितलं तर नौबादच्या बसथांब्यापासून पाण्याच्या टाकीपर्यंत पसरलेलं. दोनशेच जहाजं विकायला निघणार, नंतर तसं पुन्हा कधीच नाही. श्रीवत्स म्हणाला, "आई, हे घेतलं तर आपण पार टोकाच्या ताऱ्यांपर्यंत जाऊ. चिमणीचं इंधन तिथं पुरत नाही." एवढं वाक्य पुरे झालं. आठ महिने जयंतीबाईंनी माल वाहिला. बुधवारी वाहिला, शुक्रवारी वाहिला, कुकर लावून वाहिला, दोन शिट्ट्यांच्या मध्ये एक तारा उरकला. आणि रोज संध्याकाळी भिंतीशी उभं राहून निलम्माला त्या जहाजाचं वर्णन सांगितलं. किती खिडक्या, कसला रंग, कप्तानाच्या खुर्चीतून काय दिसतं. निलम्मा हनुवटी भिंतीवर टेकून ऐकायची.

विक्रीचा दिवस रविवार, वेळ आपल्याकडची दुपारी साडेचार. चार वाजता श्रीवत्स हजर. सव्वाचारला रामाचार्य पंचांग घेऊन दारात.

"साडेचार ते सहा," ते म्हणाले. "रविवारचा राहुकाळ."

जयंतीबाईंनी घड्याळाकडं पाहिलं. "खेळ आहे हो तो."

"खेळ? आठ महिने वरणाला फोडणी विसरायलीस. मला वाटलं घर बांधायलीस."

"आई, ऐकू नको," श्रीवत्स कानात म्हणाला. "दोनशेच आहेत. साडेचारला दाब."

आता इथं कुणी हसू नये. या बाईनं जन्मात राहुकाळात साधा स्टीलचा डबा विकत घेतला नव्हता. श्रीवत्सचं विमान राहुकाळात सुटत होतं म्हणून त्याला दीड तास आधीच घराबाहेर काढून मारुतीच्या देवळात बसवलं होतं. आणि हे तर आठ महिन्यांचं स्वप्न. त्यात मुलाला बसवायचं. त्याचा आरंभ राहूच्या तोंडात करायचा? साडेचार वाजले. पडद्यावर जहाज आलं, खाली हिरवं बटण. जयंतीबाईंनी दोन्ही हात मांडीवर ठेवले, एकावर एक. विक्री सातपर्यंत चालू राहणार असं लिहिलेलं होतं. दीड तासाचा तर प्रश्न.

"आई, एकशेदहा उरलेत."

"असू दे."

"आई, चाळीस."

"श्रीवत्सा, बोलू नको."

सहा वाजून एक मिनिटानं त्यांनी देवाचं नाव घेतलं आणि बटण दाबलं. पण बटण केव्हाच करडं पडलं होतं. संपलं.

 आणि तेवढ्यात, भिंतीपलीकडून, पट्टीच्या नटालाही लाजवील असा आवाज आला.

"अक्का! ओ अक्का! मला गावलं की हो!"

जयंतीबाई परसात आल्या. निलम्मा भिंतीवर अर्धी ओणवी, चेहरा कंदिलासारखा.

"किती वाजता दाबलंस?"

"चार चाळीसला. कामून?"

"राहुकाळ होता गं."

"आमा बसवण्णांच्या माणसांना कसला राहू, अक्का?" निलम्मा हसली. "आमच्या अप्पांनी माझं लगीन राहुकाळातच लावलं, मुद्दाम. भटजी रागावून निघून गेला. पंचवीस वर्षं झाली, हे अजून हायत दुकानात."

"पण तुला कशाला पाहिजे होतं?"

"ते काय विचारणं झालं? तुमीच रोज सांगत होताव. मी काय दगड हाय व्हय? मला बी आवडलं. मी बी रात्र-रात्र माल वाहिला."

जयंतीबाई म्हणाल्या, "छान झालं गं. फार छान. फारच छान झालं." आणि आत येऊन त्यांनी धुण्याच्या ढिगातली एकच चादर चार वेळा घडी केली.

जयंतीबाईंची ही एक खोड होती. ज्याच्यावर जळायच्या त्याचं त्या कौतुक करायच्या. शाळेत एका बाईंना आदर्श शिक्षिकेचं पदक मिळालं तेव्हा यांनी तिच्याबद्दल एवढं गोड भाषण केलं होतं की पदकवालीच्या डोळ्यांत पाणी आलं. रामाचार्यांनी मात्र तेव्हाच ओळखलं होतं. त्या आठवड्यात ते पोळीवर तूप वाढताना म्हणाले, "सोमवारपासून निलम्माचं सात वेळा कौतुक झालंय. जास्त लागलंय का?"

"मी कशाला जळू? चांगली बाई आहे ती. कष्टाळू आहे."

"आठ," रामाचार्य म्हणाले.

निलम्मानं जहाजाला नाव दिलं 'महामने'. बिदरजवळच्या कल्याणात बसवण्णांचं जे घर कुणालाही उघडं असायचं, त्याचं हे नाव. आणि तशीच ती सगळ्यांना बोलवत सुटली. ब्राझीलचा कुणी आला, पोलंडची कुणी आली. पुढच्या रविवारी श्रीवत्स म्हणाला, "आई, निलम्माकाकूंना तोफेवर माणूस पाहिजे. ते जहाज एकट्यानं उडत नाही. आपण दोघंही जाऊ. जागा आहे."

आपण दोघंही. दुसऱ्याच्या जहाजात, प्रवासी म्हणून, जिला डावं-उजवं आपण शिकवलं तिच्या पाठीमागच्या बाकावर!

"तू जा," जयंतीबाई म्हणाल्या. "माझी चिमणी मोकळी कशी सोडू?"

त्यांना वाटलं होतं, तो नाही म्हणेल. तो गेला.

मग रविवारमागून रविवार असं दृश्य दिसू लागलं. पुढं दिव्यांनी झगमगणारी महामने, आत पाच माणसं. मागं चिमणी, एकटी. लग्नाच्या वऱ्हाडाच्या बसमागं कुणी लूना दामटत यावं तशी. आणि हेडफोनमध्ये शांतता. नियमच होता, एका जहाजातलं बोलणं दुसऱ्याला ऐकू जायचं नाही. भिंतीपलीकडून मात्र निलम्माचं खदखदून हसणं यायचं. श्रीवत्स काहीतरी बोलला असणार. काय बोलला असेल? एकदा तर जयंतीबाई पाणी घालायच्या निमित्तानं तुळशीपाशी जाऊन कान देऊन उभ्या राहिल्या. तांब्या रिकामा झाला, तुळस बुडाली, कळलं काही नाही.

आणि एका सोमवारी सकाळी निलम्मा भिंतीवरून म्हणाली, सहज, भाजी निवडता निवडता, "अक्का, श्रीवत्सची दाढ आता दुखायली का हो? काढल्यावर लई सुजली म्हणत होता."

जयंतीबाईंनी भिंतीचा काठ धरला. दाढ काढली. कधी काढली? फोनवर ठीक आहे म्हणाला होता. जेवलो म्हणाला होता. काय जेवला असेल?

"बरी आहे," त्या म्हणाल्या. "आता बरी आहे. तुझी चौकशी करण्याची पद्धत फार छान आहे हो, निलम्मा."

त्या दिवशी त्यांनी मुलाला फोन केला नाही. काय विचारणार? शेजारीण म्हणाली म्हणून विचारते? रात्रीचं ताट त्यांनी तसंच झाकून ठेवलं. पदकाचं जळणं जिभेवर होतं, कौतुकानं थंड व्हायचं. हे खोल होतं. ते जहाज बुडावं, असं त्यांना वाटलं. अगदी स्पष्ट, शब्द जुळवून वाटलं. तुकडे व्हावेत त्याचे.

आता पुढचा प्रवेश. पुन्हा रविवार, साडेपाच. जयंतीबाईंनी त्या दिवशी डोळे दुखतात म्हणून चिमणी काढली नव्हती. सोप्यात रामाचार्य तुरीच्या शेंगा सोलत होते. तेवढ्यात पुढचं दार धाडकन उघडून निलम्मा आत. पायात चपला तशाच, हेडफोन गळ्यात, त्याची उपटलेली वायर मागं लोंबतेय.

"अक्का, आमी अडकलाव!"

"कुठं?"

"टोकाच्या ताऱ्यांकडं निघालो होतो, त्यांच्या अलीकडंच थांबलाव. इंधन संपलं. मी आपलं जुन्या जहाजाच्या अंदाजानं भरलं होतं, ही बया चौपट पिती. तिथं पाऊण तास उभं राहिलं तर जहाज फुटतं म्हणायलाय श्रीवत्स. आन् फुटलं की गेलं, परत मिळत न्हाई. बाकी कुणाला तिथला रस्ताच ठाव न्हाई. तुमच्या वहीत हाय म्हणला."

"किती वेळ झाला?"

"दहा मिन्टं."

"जा तू. त्यांना एकटं टाकू नको," जयंतीबाई म्हणाल्या. येते म्हणाल्या नाहीत. निलम्मा धावत परत गेली.

सोप्यात शेंगा तडतडत होत्या. जयंतीबाई उभ्याच होत्या. काही करायचं नव्हतं. फक्त काहीच न करता राहायचं होतं. डोळे दुखतात, हे सगळ्यांना माहीतच होतं. पाऊण तास स्वयंपाकघरात जाऊन बसायचं, की झालं.

"ते जहाज फुटलं तर पोरगं परत तुझ्या मागं येऊन बसतंय," रामाचार्य शेंगेवरून नजर न काढता म्हणाले. "व्हय ना?"

"तुम्ही शेंगा सोला."

पण त्यांनी ते चित्र डोळ्यांसमोर आणून पाहिलं. श्रीवत्स मागच्या जागेवर. येईल तो, शहाणा मुलगा आहे. येईल आणि गप्प बसेल. जयंतीबाईंनी एकतीस वर्षांत अशी कितीतरी मुलं पाहिली होती. मागच्या बाकावर मित्रांत रमलेलं पोर दंगा करतं म्हणून उचलून पुढच्या बाकावर आणावं. ते हात बांधून बसतं, फळ्याकडं बघतं, आणि त्या दिवसापासून त्याच्या तोंडून एक शब्द निघत नाही. असा पुढच्या बाकावरचा श्रीवत्स त्यांना नको होता.

आणि खरं सांगायचं तर आणखी एक गोष्ट होती, तीही काही साधुत्वाची नव्हे. सगळ्या ब्रह्मांडात तो रस्ता एकट्या त्यांना माहीत होता. ते त्या पाच जणांना दिसायला हवं होतं.

त्या खोलीत गेल्या. खुर्चीवरची उशी नीट केली. वही उघडली नाहीच, सगळं तोंडपाठ होतं. चिमणीच्या टाकीत आणि मालाच्या जागेत मावेल तेवढं इंधन भरलं आणि निघाल्या. नेहमीच्या रस्त्यानं पन्नास मिनिटं लागली असती. त्या लाल ताऱ्याच्या अंगाला घासून गेल्या, जिथून जायला श्रीवत्स नेहमी नको म्हणायचा. दोनदा चिमणी थरथरली, पडदा तांबडा झाला. "घाबरू नको गं," जयंतीबाई जहाजाला म्हणाल्या. रामाचार्य शेंगांचं सूप हातात घेऊन केव्हा दारात येऊन उभे राहिले ते त्यांना कळलंही नाही.

आणि मग समोर महामने आली.

एवढ्या जवळून त्यांनी ती कधी पाहिली नव्हती. सगळे दिवे मालवलेले, नुसत्या ताऱ्यांच्या उजेडात तरंगणारी. खिडक्यांची रांग संपता संपेना. जसं वर्णन केलं होतं अगदी तसं, रंगसुद्धा तोच. हे माझं होतं. माझे आठ महिने होते हे.

चार मिनिटं उरली असताना चिमणी महामनेच्या कुशीला जाऊन लागली. इंधन चढू लागलं. आणि दोन जहाजं जोडली गेल्याबरोबर हेडफोनमध्ये एकदम बाजार भरला. ब्राझीलचा ओरडत होता, पोलंडची टाळ्या वाजवत होती, आणि त्या सगळ्यांवर एक आवाज.

"मी म्हणलं नव्हतं? आली! आई आली!"

जयंतीबाईंनी चष्मा काढून पुसला.

"लाल ताऱ्याकडनं आलीस ना? वेडी आहेस का तू?"

"ते जाऊ दे. दाढ काढल्याचं मला कामून सांगितलं न्हाईस?"

पोलंडच्या टाळ्या थांबल्या. ब्राझीललाही काहीतरी कळलं असावं.

"तू काळजी करत बसली असतीस, आई."

"आन् निलम्मानं केली न्हाई का?"

"केली की, अक्का," निलम्मा मध्येच म्हणाली. "मऊ भात खा म्हणलं, ताक-भात. ह्यानं ब्रेड खाल्ला."

"तूप होतं का भातावर?"

"तूप सांगायचं राहिलं."

"मग काय सांगितलंस!" जयंतीबाई म्हणाल्या. "श्रीवत्सा, पुढच्या वेळी डॉक्टरकडं जायच्या आधी मला सांगायचं. फोनवर सांग, जहाजात सांग, कुठंही सांग. पण आधी मला."

"बरं."

"बरं न्हाई. सांगीन म्हण."

"सांगीन, आई."

महामनेचे दिवे एकेक करून लागू लागले. निलम्मा म्हणाली, "अक्का, या की आत. कप्तानाच्या शेजारची जागा मोकळी हाय. पहिल्या दिवसापासून मोकळीच हाय. कुणाला बसू दिलं न्हाई मी."

जयंतीबाईंनी चिमणी महामनेच्या पोटात नेऊन उभी केली आणि त्या वर जाऊन त्या जागेवर बसल्या. समोर मोठी खिडकी, तिच्यात लांबवर टोकाचे तारे, कधी न पाहिलेले. त्या एकेक तारा मोजत राहिल्या. कौतुकाचा एक शब्द नाही. निलम्माचा जीव खालीवर होऊ लागला.

"अक्का," ती हळूच म्हणाली, "माझ्यावर रागावलाव का हो?"

"रागावले न्हाई गं, जळायले. आन् अजून महिनाभर तरी जळणार हाय. तू माझ्याकडं बघू नको, समोर बघून चालव."